तारखा चुकवून आता कोर्टात हजर होताय? या चुका टाळा

पकड वॉरंट निघालं असताना स्वतःहून हजर होणं केव्हाही चांगलं. पण “मी स्वतः आलोय, म्हणजे जामीन मिळणारच” असं धरून चालू नका. मूळ गुन्हा साधा असला, तरी आता न्यायाधीश आधी हेच बघतात की हा माणूस पुढच्या तारखेला येईल का. तुमच्या अर्जात त्याचं उत्तर हवं.

सगळ्यात जास्त घोळ गैरहजेरीच्या कारणात होतो. “आजारपणामुळे येऊ शकलो नाही” एवढ्या एका ओळीवर अर्ज उभा राहत नाही. आधी रोजनाम्याची, म्हणजे खटल्यात तारखेनुसार काय झालं याच्या कोर्टातल्या नोंदीची, नक्कल काढा. किती तारखा चुकल्या, समन्स बजावलं गेलं की तसंच परत आलं, हे त्यात कळतं. मग कोणत्या तारखेला काय अडचण होती ते कागदासकट लिहा. समन्स जुन्या पत्त्यावर गेलं असेल, तर घर बदलल्याचा पुरावा जोडा आणि आजचा पत्ता द्या. वकिलांनी तारीख कळवली नाही, हे कारण कधीकधी अगदी खरं असतं. पण एवढे महिने तुम्ही स्वतः चौकशी का केली नाही, हे विचारलं जाणारच. खोटं मेडिकल सर्टिफिकेट तर अजिबात नको. ते उघडकीला आलं की खऱ्या कारणांवरचाही विश्वास जातो.

अर्ज कोणता करायचा, यातही गल्लत होते. आधीचा जामीन कायम असताना तारीख चुकली असेल, तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 72 खाली वॉरंट रद्द करण्याचा अर्ज चालतो. मुचलका (हजर न राहिल्यास ठरलेली रक्कम भरण्याची लेखी हमी) जप्त होऊन जामीनच रद्द झाला असेल, तर नवा जामीन अर्ज लागतो. जप्तीची रक्कम कमी करून हवी असेल, तर कलम 491 खाली तसं वेगळं मागावं लागतं.

“पोलिसांनी पकडल्याशिवाय जामीन मागता येत नाही” हाही गैरसमज आहे. कोर्टापुढे शरण येणं म्हणजेच ताब्यात येणं, हे सर्वोच्च न्यायालयाने 1980 मध्येच स्पष्ट केलं आहे.

उद्घोषणा, म्हणजे फरार आरोपीने हजर व्हावं असा कोर्टाचा जाहीर हुकूम, निघेपर्यंत थांबणं सगळ्यात धोक्याचं. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 84 खालच्या उद्घोषणेत हजर व्हायला किमान 30 दिवस मिळतात. तरीही न आल्यास भारतीय न्याय संहितेच्या कलम 209 खाली तो वेगळा गुन्हा होतो, शिक्षा 3 वर्षांपर्यंत. गंभीर गुन्ह्यात कोर्टाने फरार म्हणून ‘घोषित अपराधी’ ठरवल्यास 7 वर्षांपर्यंत. मालमत्तेवर जप्तीही येऊ शकते. घोषित अपराध्याला सहसा अटकपूर्व जामीन देऊ नये, असं सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये म्हटलं आहे. त्यामुळे या टप्प्यावर अटकपूर्वच्या आशेने आणखी महिने लपून राहणं म्हणजे नियमित जामिनाची बाजूही कमजोर करणं.

हजर व्हायचं ते कोर्ट बसतानाच, सकाळी. सरकारी वकिलांचा से (अर्जावरचं म्हणणं) यायचा असतो, दुपार उलटून गेलात तर तो त्या दिवशी येईलच असं नाही. खटला सत्र न्यायालयात गेला असेल, तर तिथेच जा. जामीनदार, त्याचं ओळखपत्र आणि ऐपतीचे कागद सोबत ठेवा. तरीही काही दिवस न्यायालयीन कोठडी होऊ शकते, म्हणून घरच्यांना आधी सांगा आणि औषधांच्या चिठ्ठ्या जवळ असू द्या.

जामीन झाल्यावर तारीख वकिलांकडून आणि स्वतःही तपासा. यायला जमणारच नसेल, तर हजेरी माफीचा अर्ज त्याच दिवशी कोर्टासमोर गेला पाहिजे, नंतर नाही.