ताण मोजायचाय? मग या चुका टाळा

मानसशास्त्राच्या एम.ए.चा लघुप्रबंध सुरू झाला की दरवर्षी माझ्यासमोर एक विषय हमखास येतो: 'महाविद्यालयीन विद्यार्थ्यांमधील ताण आणि सोशल मीडियाचा वापर'. विषय चांगला आहे. मी विचारते, "ताण म्हणजे काय धरणार आहेस?" उत्तरादाखल पाठ्यपुस्तकातली व्याख्या येते. "आणि मोजणार कशानं?" यावर फोन पुढे येतो, त्यात इंटरनेटवरून उतरवलेली प्रश्नावली असते. मधला टप्पा गायब. बहुतेक लघुप्रबंध तिथेच कमकुवत होतात आणि ते कळतं शेवटच्या महिन्यात, आकडे हातात आल्यावर.

नाव एक, मोजलं भलतंच

तो मधला टप्पा म्हणजे कार्यात्मक व्याख्या: संकल्पना प्रत्यक्षात कोणत्या कृतीनं, कोणत्या एककात मोजली ते सांगणारं वाक्य. ताणाचंच घ्या. होम्स आणि राहे यांनी १९६७ साली आयुष्यातल्या ४३ घटनांची यादी केली. जोडीदाराच्या मृत्यूला १०० गुण, लग्नाला ५०. इथे ताण म्हणजे माणसावर येऊन आदळलेले बदल. कोहेन आणि सहकाऱ्यांच्या १९८३ च्या मापनीत ताण म्हणजे गेल्या महिन्याभरात 'गोष्टी आपल्या हाताबाहेर चालल्यात' असं किती वेळा वाटलं ते. तिसरा संशोधक लाळेतलं कॉर्टिसॉल, म्हणजे ताणात वाढणारं संप्रेरक, मोजतो. तिघंही 'ताण' हाच शब्द लिहितात, पण एकाच मुलीचे तिन्ही आकडे एकमेकांशी जुळतीलच असं नाही. घरात एकामागोमाग एक संकटं आलेली मुलगी 'मी सांभाळते आहे' म्हणू शकते. काहीही न घडलेला मुलगा पार खचलेला असू शकतो.

म्हणून प्रश्नावली निवडण्याआधी कागदावर एक वाक्य लिहा: 'या अभ्यासात ताण म्हणजे अमुक मापनीवर, अमुक कालावधीसाठी मिळालेला एकूण गुणांक.' मग तुमचं गृहीतक त्या वाक्याशी ताडून पाहा. परीक्षेच्या आठवड्यातला ताण तपासायचा असेल आणि मापनी महिन्याभराचं विचारत असेल, तर मापनी तरी बदला नाहीतर प्रश्न तरी.

'सोशल मीडियाचा वापर' या दुसऱ्या चलाकडे, म्हणजे मोजायच्या दुसऱ्या गोष्टीकडे, तर कुणी नीट पाहतच नाही. 'रोज किती तास वापरता?' याला माणूस अंदाजानं उत्तर देतो. फोनच्या सेटिंगमध्ये ॲपनुसार वेळेची नोंद असते. प्रयुक्ताची, म्हणजे अभ्यासात भाग घेणाऱ्याची, संमती घेऊन सात दिवसांचे आकडे उतरवून घ्या. आणि वापर म्हणजे मिनिटं, फोन उघडण्याच्या खेपा, की स्वतः टाकलेल्या पोस्ट, हे आधी ठरवा.

निरीक्षण करताना 'आक्रमक वागला' एवढंच लिहिणं

मोठ्या माणसानं बोबो नावाच्या फुगवलेल्या बाहुलीला मारलेलं पाहून मुलं तसंच वागतात का, हे पाहणाऱ्या १९६१ च्या प्रयोगात मानसशास्त्रज्ञ बांडुरा आणि सहकाऱ्यांनी ७२ मुलांचं निरीक्षण केलं. 'मूल आक्रमक होतं' एवढ्यावर ते थांबले नाहीत. २० मिनिटांचे पाच-पाच सेकंदांचे तुकडे केले, म्हणजे प्रत्येक मुलामागे २४० नोंदी. अनुकरणातून आलेली शारीरिक आक्रमकता वेगळी, शाब्दिक वेगळी, मुलानं स्वतःहून केलेली वेगळी. त्या प्रयोगावर आक्षेप बरेच घेतले गेले, पण त्यांनी काय मोजलं याबद्दल वाचकाला शंका राहत नाही. बालवाडीत निरीक्षणाला जाणार असाल तर एवढी तयारी हवीच. सोबत दुसरा निरीक्षक हवा आणि त्यानं तुमच्या नोंदी न पाहता स्वतःच्या कराव्यात.

गुण उलटे करायला विसरणं

ही चूक मी सर्वांत जास्त वेळा दुरुस्त केली आहे. कोहेन यांच्या दहा प्रश्नांच्या मापनीत प्रत्येक प्रश्नाला ० ते ४ गुण, एकूण ० ते ४०. त्यातले चौथा, पाचवा, सातवा आणि आठवा हे प्रश्न सकारात्मक आहेत, म्हणजे तिथे जास्त गुण म्हणजे कमी ताण. त्यांचे गुण उलटे करायचे असतात, म्हणजे ४ चा ०, ३ चा १. ते राहून गेलं तर काय होतं पाहा. अजिबात ताण नसलेल्या व्यक्तीला ० ऐवजी १६ मिळतात आणि कमाल ताण असलेल्या व्यक्तीला ४० ऐवजी २४. सगळे मधेच गोळा होतात, सहसंबंध (दोन चलांमधलं नातं) विरून जातो आणि विद्यार्थी लिहितो, 'सार्थ फरक आढळला नाही.'

क्रोनबाख अल्फा, म्हणजे मापनीतले प्रश्न एकमेकांशी किती जुळतात ते सांगणारा आकडा, अगदी कमी किंवा ऋण आला तर नमुन्याला दोष देण्याआधी हेच तपासा. अल्फा उत्तम आला म्हणूनही निर्धास्त होऊ नका. एकच प्रश्न शब्द फिरवून पाचदा विचारला तरी तो उत्तम येतो. विश्वसनीयता (उत्तरांतला सातत्यपणा) मिळते, सप्रमाणता (जे मोजायचं तेच मोजलं जातं का) मात्र सिद्ध करायची राहतेच.

आकडे मिळाले की 'उच्च' आणि 'निम्न' गट पाडणं

मध्यांक (गुण क्रमानं लावल्यावर मधला) २० आला म्हणून १९ गुणांची मुलगी 'कमी ताण' आणि २१ ची 'जास्त ताण'. त्याच 'जास्त' गटात ३८ गुणांचीही. हाती असलेली माहिती आपणच फेकून देतो. गट पाडू नका, पूर्ण गुणांक वापरून सहसंबंध काढा.

मराठीत आणताना होणारी गफलत

इथे मला मनापासून थांबावंसं वाटतं, कारण छापील पुस्तकांत याबद्दल फारसं सापडत नाही. 'काळजी' हा शब्द घ्या. 'मला घरच्यांची काळजी वाटते' याला एखादी आई अभिमानानं 'नेहमी' म्हणेल. तिच्या लेखी ती माया आहे, तुमच्या तक्त्यात ती चिंता ठरते. 'टेन्शन' हा शब्द लोक गॅस संपला तरी वापरतात.

त्याहून अवघड नकारार्थी विधानं. 'मला कधीच एकटं वाटत नाही' याला कुणी 'नाही' म्हणतं, तेव्हा त्याला 'नाही वाटत' म्हणायचं असतं की 'असहमत'? दोन्ही अर्थ आपल्या बोलण्यात सहज बसतात. अशी वाक्यं सरळ करता येत असतील तर करा. प्रमाणित मापनीत तसं करता येत नाही, तेव्हा उत्तराचे पर्याय 'हो-नाही' न ठेवता 'कधीच नाही' पासून 'नेहमी' पर्यंत मूळ मापनीप्रमाणेच ठेवा.

भाषांतर झाल्यावर मूळ प्रश्नावली न पाहिलेल्या व्यक्तीकडून ते पुन्हा इंग्रजीत करून घ्या आणि दोन्ही इंग्रजी प्रती शेजारी ठेवून वाचा. मग मुख्य नमुन्यात नसलेल्या आठ-दहा जणांना प्रश्नावली द्या. प्रत्येक विधानाशी थांबून विचारा, "हे वाचून तुमच्या मनात काय आलं?" त्यांचे शब्द जसेच्या तसे लिहून घ्या. दोन-तीन जण एकाच विधानाशी अडखळले तर तो प्रश्न गाइडकडे घेऊन जा, दोनशे प्रती छापायच्या आधी.