तिबिलिसीहून बोद्बे-सिघनाघी: एक दिवसाची सहल

जॉर्जियातलं सिघनाघी हे गाव राजधानी तिबिलिसीपासून सुमारे 110 किलोमीटरवर आहे आणि बोद्बे मठ तिथून जेमतेम 2 किलोमीटर. सहल ठरवताना मठात किती वेळ थांबणार, हे आधी विचारा. पाऊण तासात जॉर्जियात ख्रिस्ती धर्म आणणाऱ्या संत निनोची समाधी आणि बाग आरामात होते, पण खालचा झरा होत नाही. तिथे शेकडो पायऱ्या उतरायच्या आणि तेवढ्याच चढायच्या असतात. बायकांनी डोक्यावर ओढणी घ्यावी आणि गुडघ्याखालचा घागरा किंवा स्कर्ट घालावा. पुरुषांनी हाफ पँट टाळावी.

या सहलीत वाइन चाखायची ती मठ पाहून झाल्यावरच. ‘क्वेव्री’ म्हणजे जमिनीत गळ्यापर्यंत पुरलेला मातीचा रांजण. त्यात पांढऱ्या द्राक्षांचा रस सालींसकट काही महिने मुरतो, म्हणून वाइनला मधासारखा रंग आणि कोऱ्या चहासारखा तुरटपणा येतो. आधी ही पांढऱ्या द्राक्षांची वाइन, रकात्सितेली, घ्या, मग लाल वाइन, सापेरावी. उलट केलंत तर पहिलीची चव कळतच नाही. मधूनमधून पाव-चीज खा. शेवटी येणारी ‘चाचा’ ही कडक दारू आहे, घोटभरच पुरे. परतीचा रस्ता लांब आहे.

शाकाहारी मंडळींनी राजमा भरलेली रोटी, म्हणजे लोबियानी, मागवावी.