बांगडा तव्याला चिकटायचा, तो असा सुटला
जपानी शिओयाकी म्हणजे नुसतं मीठ लावून भाजलेला मासा, तीनदा केला आणि तीनदा बांगड्याची साल तव्यालाच राहिली. नाशिकला मासा बर्फातून येतो, अंगात पाणी असतं, आणि मी मीठ लावलं की लगेच टाकत होते. आता मीठ लावून 20 मिनिटं ठेवते, वर थेंब सुटतात ते टिपून अगदी कोरडा करते, वासही बराच त्यातच जातो, मग सालीवर दोन तिरक्या चिरा, तवा नीट तापवून तेलाचा हात, आणि कड सोनेरी होईपर्यंत अजिबात हलवायचा नाही, आपोआप सुटतो. सोबत किसून पिळलेला मुळा, वर सोया सॉस. भात मात्र इगतपुरीकडचा इंद्रायणीच घ्या, छान चिकट होतो. एरवी तिखटाशिवाय मासा न खाणाऱ्या आईने काल दुसरा तुकडा मागून घेतला.