जुने क्रिस्टल रिपोर्ट नव्या मशीनवर नेताना: डीएलएल फाइलींची तयारी

विंडोज १० चा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला आणि पतसंस्था, कृषी सेवा केंद्रं, औषधांचे होलसेलर अशा बऱ्याच ठिकाणी मशीन बदलायची घाई सुरू झाली. नवीन मशीन विंडोज ११ चं, म्हणजे हमखास ६४-बिट, कारण ३२-बिट विंडोज ११ निघालीच नाही. सॉफ्टवेअर मात्र व्हिज्युअल बेसिक ६ (व्हीबी ६) या जुन्या प्रोग्रामिंग भाषेतलं, त्याचे रिपोर्ट क्रिस्टल रिपोर्ट्स ८.५ या रिपोर्ट काढणाऱ्या प्रोग्रामचे, आणि ते लिहून देणाऱ्याचा फोन लागत नाही. अशा ठिकाणी सगळ्यात आधी एक करा: जुनं मशीन फॉरमॅट करू नका आणि एक्स्चेंजमध्येही देऊ नका. रिपोर्ट ज्या डीएलएल फाइलींवर (प्रोग्राम चालताना लोड करतो त्या कोडच्या फाइली) चालतात त्यांचा तुमच्या सॉफ्टवेअरला जुळणारा संच खात्रीने त्याच मशीनवर आहे.

हात लावण्यापूर्वी डिस्क२व्हीएचडी या मायक्रोसॉफ्ट सिसइंटर्नल्सच्या मोफत टूलने अख्ख्या डिस्कची इमेज बाहेरच्या हार्डडिस्कवर काढून ठेवा. मग फाइलींची नोंद करायला बसा. ही नोंद अंदाजाने करू नका, चालू सॉफ्टवेअरवरून करा. चालू प्रोग्रामने काय लोड केलंय ते दाखवणारं सिसइंटर्नल्सचंच प्रोसेस एक्सप्लोरर उघडा, खालच्या भागात डीएलएलची यादी दिसेल असं करा आणि सॉफ्टवेअर सुरू करा. नुसता मेनू येईपर्यंत थांबून भागत नाही. डेटाबेसचा ड्रायव्हर रिपोर्ट उघडल्यावरच लोड होतो आणि एक्सेलची डीएलएल एक्स्पोर्ट केल्यावरच. म्हणून एक खातेउतारा पडद्यावर काढा, एक छापा, एक एक्सेलमध्ये पाठवा, आणि प्रत्येक वेळी यादी सेव्ह करा. फाइलीचं नाव, पूर्ण पाथ आणि व्हर्जन या तिन्ही गोष्टी हव्यात. फाइलीच्या तारखेवर जाऊ नका. प्रॉपर्टीजमधल्या डिटेल्स टॅबवरचा व्हर्जन नंबर खरा.

यादीत काय दिसायला हवं? सीआरपीई३२.डीएलएल हे क्रिस्टलचं प्रिंट इंजिन. सॉफ्टवेअर क्रिस्टलचा कंट्रोल (फॉर्मवर बसवायचा तयार भाग) वापरून लिहिलेलं असेल तर क्रिस्टल३२.ओसीएक्स दिसेल, रिपोर्ट डिझायनर कंपोनंट वापरून लिहिलेलं असेल तर सीआरएएक्सडीआरटी.डीएलएल. पी२ ने सुरू होणाऱ्या फाइली डेटाबेसशी बोलतात: पी२एसओडीबीसी ओडीबीसीसाठी (डेटाबेसशी जोडण्याची विंडोजची सोय), पी२बीडीएओ अ‍ॅक्सेसच्या एमडीबीसाठी. यू२एफ आणि यू२डी या एक्स्पोर्टच्या, एक फॉरमॅटची आणि दुसरी ठिकाणाची, म्हणजे डिस्क किंवा ईमेल. यू२एल ही फॉर्म्युल्यातल्या जादा फंक्शनांची, आणि नेमकी हीच विसरली जाते. रक्कम अक्षरी लिहिण्याचं फंक्शन कुणी वेगळं करून दिलं असेल तर ते अशाच एखाद्या फाइलीत असतं. यातल्या बऱ्याच फाइली विंडोज फोल्डरच्या आत क्रिस्टल नावाच्या फोल्डरमध्ये सापडतील, काही प्रोग्राम फाइल्समधल्या सीगेट सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये. सीगेटचं नाव बघून गोंधळू नका. क्रिस्टल तेव्हा त्यांचं होतं. पुढे त्या कंपनीचं नाव क्रिस्टल डिसिजन्स झालं, २००३ मध्ये ती बिझनेस ऑब्जेक्ट्सने घेतली, आणि मग बिझनेस ऑब्जेक्ट्सच एसएपीकडे गेली. म्हणूनच एसएपीचं डॉटनेटसाठीचं आजचं रनटाइम (रिपोर्ट चालवणाऱ्या फाइलींचा संच) टाकून तुमचं ८.५ चालेल अशी आशा धरू नका. व्हीबी ६ चं सॉफ्टवेअर जे कंपोनंट शोधतं ते त्यात नाहीत.

मूळ सेटअपची सीडी हाती लागली तर फारच उत्तम, आधी तीच चालवून पाहा. मात्र इन्स्टॉलर फार जुना, १६-बिट असेल तर ६४-बिट विंडोजवर तो सुरूच होणार नाही. तसं झालं तर फाइली हाताने न्याव्या लागतील, आणि इथे घाई नडते. अख्खा सिस्टम३२ फोल्डर उचलून नव्या मशीनवर ओतू नका. ओलेऑट३२, एमएसव्हीसीआरटी या विंडोजच्या स्वतःच्या फाइली आहेत, त्यांना हात लावायचा नाही. फक्त क्रिस्टलच्या आणि सॉफ्टवेअरच्या फाइली न्या. एखादी कमी पडली तर 'फ्री डीएलएल डाउनलोड' म्हणणाऱ्या साइटवरून घेऊ नका. व्हर्जन कुठलं आणि आत काय भरलंय याची तिथे कसलीच खात्री नसते, आणि ती फाइल ठेवीदारांचा डेटा असलेल्या मशीनवर जाणार आहे.

आता ३२-बिटची भानगड. नावं उलटी वाटतात: ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ फोल्डर ६४-बिट फाइलींचा आणि सिसवाव६४ फोल्डर ३२-बिट फाइलींचा. तुमच्या सगळ्या फाइली ३२-बिट, म्हणून जुन्या ३२-बिट मशीनच्या सिस्टम३२ मधल्या फाइलींची जागा आता सिसवाव६४. फाइलींची नोंदणी, म्हणजे त्या कुठे आहेत हे विंडोजला कळवण्याचं काम, करताना त्याच फोल्डरमधलं रेगएसव्हीआर३२ वापरा आणि कमांड प्रॉम्प्ट अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. ओसीएक्स आणि सीआरएएक्सडीआरटी यांना नोंदणी लागते. ती राहिली की सॉफ्टवेअर एरर देतं: ओसीएक्ससाठी सहसा ३३९ नंबरची, सीआरएएक्सडीआरटीसाठी ४२९ नंबरची. सीआरपीई३२ ला नोंदणी नसतेच. ती करायला गेलात तर एंट्री पॉइंट सापडला नाही असा मेसेज येतो, म्हणून फाइल खराब आहे असं समजू नका. ओडीबीसीचा डीएसएनही (डेटाबेसच्या जोडणीला दिलेलं नाव) सिसवाव६४ मधल्या ओडीबीसीएडी३२ मधूनच करा. ६४-बिटच्या खिडकीत केलेला सिस्टम डीएसएन या सॉफ्टवेअरला दिसत नाही. त्याचं नाव जुन्यासारखंच अक्षर न अक्षर ठेवा, फोल्डरचा पाथही तोच, कारण रिपोर्टमध्ये ही नावं पक्की बसलेली असतात.

तरीही रिपोर्ट उघडला नाही तर प्रोसेस मॉनिटर (प्रोग्राम कोणत्या फाइली शोधतो ते दाखवणारं सिसइंटर्नल्सचं टूल) लावा आणि 'नेम नॉट फाउंड' असा निकाल आलेल्या ओळीच तेवढ्या दिसतील असा फिल्टर लावून पाहा. एकच फाइल पाच-सहा फोल्डरांत शोधली गेली आणि कुठेच मिळाली नाही, असं दिसलं की बहुतेक वेळा तीच राहिलेली असते.

रिपोर्ट उघडला म्हणजे काम झालं असंही नाही. क्रिस्टल पानाची मांडणी प्रिंटरच्या ड्रायव्हरवरून करतं. प्रिंटर बदलला की खातेउताऱ्याच्या शेवटच्या रकान्यात शिलकेऐवजी हॅशच्या खुणा उमटू शकतात, किंवा शेवटची ओळ पुढच्या पानावर जाते. डॉट मॅट्रिक्सचा कागद वेगळ्या मापाचा असेल तर प्रिंट सर्व्हर प्रॉपर्टीजमध्ये जुन्याच नावाने फॉर्म करा. 'डिफॉल्ट प्रिंटर विंडोजने ठरवावा' हा पर्याय बंद करा, नाहीतर शेवटी वापरलेला प्रिंटर आपोआप डिफॉल्ट होतो. ८.५ ला युनिकोड, म्हणजे आजची मराठी अक्षरं साठवण्याची पद्धत, कळत नाही, त्यामुळे मराठी मथळे जुन्या फॉन्टमध्येच असणार. ते फॉन्ट जुन्या मशीनवरून आणले नाहीत तर संस्थेच्या नावाच्या जागी इंग्रजी अक्षरांचा कचरा छापला जाईल. रिजन इंग्लिश-इंडिया आणि तारीख दिवस-महिना-वर्ष अशी ठेवा. अमेरिकन सेटिंग राहिलं तर ३ एप्रिलचा भरणा ४ मार्चचा होऊन मागच्या आर्थिक वर्षात जाऊ शकतो.

हे सगळं मार्च महिन्यात करू नका. एकाच दिवसाची किर्द, एक खातेउतारा आणि तेरीज दोन्ही मशीनवर छापा आणि शेजारी ठेवून आकडा न आकडा ताडून पाहा. नवीन मशीनवर एक ३१ मार्च पार पडून ऑडिट होईपर्यंत जुनं मशीन नेट काढून, पण चालू होईल अशा स्थितीत ठेवा. डीएलएलची यादी, नोंदणीच्या कमांड आणि डीएसएनची नावं कागदावर छापून सेटअपच्या सीडीसोबत कपाटात ठेवा.