तपास रखडलाय? कोर्टात जाण्याआधीची तयारी

केळीचा ट्रक भरून गेला, व्यापाऱ्याचा चेक परत आला, मोबाईल बंद. फसवणुकीचा गुन्हा दाखल होऊन कित्येक महिने लोटले तरी ठाण्यात उत्तर एकच: ‘तपास चालू आहे’. जळगाव जिल्ह्यातल्या रावेर-यावलकडे हे कुणाला नवीन नाही. कोर्ट यात लक्ष घालू शकतं, पण आपला संताप तिथे कामाचा नाही, तारखा लागतात.

सुरुवात एफआयआरच्या प्रतीपासून. ती फिर्यादीला मोफत मिळते. गु.र.नं. (गुन्हा रजिस्टर नंबर) आणि दाखल तारीख बघा. १ जुलै २०२४ आधी दाखल गुन्ह्याचा तपास जुन्या दंड प्रक्रिया संहितेनुसारच चालतो, तिथे मॅजिस्ट्रेटकडून तपासाचा आदेश मागायचं कलम १५६(३); नंतर दाखल गुन्ह्याला नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १७५(३). नव्या कायद्यात तपासाची प्रगती ९० दिवसांत फिर्यादीला कळवणं पोलिसांना बंधनकारक आहे. तसा मेसेज आला असेल तर पुसू नका. आला नसेल तर लेखी विचारा आणि आपल्या प्रतीवर आवकचा गोल शिक्का, सही, तारीख घेतल्याशिवाय ठाण्याची पायरी उतरू नका. बहुतेकांचं घोडं इथेच अडतं: साहेबांना दहादा भेटलेले असतात, हातात चिठोरं नसतं.

त्यानंतर तोच अर्ज जिल्ह्याच्या पोलीस अधीक्षकांना टपालाने, पोचपावतीसह. मॅजिस्ट्रेट हे कागद आधी बघतात. मॅजिस्ट्रेटकडच्या अर्जासोबत प्रतिज्ञापत्र हवंच. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये तसं बजावलंय आणि आता ते कायद्यातच आहे.

खरी मेहनत अर्जाच्या मजकुरावर घ्या. ‘पोलीस काही करत नाहीत’ हे वाक्य खोडून टाका. त्याऐवजी काय राहिलं ते लिहा: आरोपीच्या बँक खात्याचा उतारा मागवला नाही, ट्रक ड्रायव्हरचा जबाब नाही, वजनकाट्याची पावती दिली पण जप्त केली नाही. असं नेमकं लिहिलं की तपासी अंमलदाराला नेमकंच उत्तर द्यावं लागतं. मॅजिस्ट्रेट स्वतः तपास करणार नाहीत, पण योग्य तपासाचा आदेश देऊन त्यावर लक्ष ठेवू शकतात, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २००७ च्या साकिरी वासू निकालात स्पष्ट आहे. केस डायरी कोर्ट मागवू शकतं; ती आपल्याला दाखवा म्हणून हट्ट धरू नका.

‘९० दिवस झाले, केस संपली’ असं पारावर कुणीतरी सांगतंच. साफ खोटं. ६० किंवा ९० दिवसांची ती मुदत अटकेतल्या आरोपीच्या जामिनाची. घाबरायचं ते ‘अ’ समरीला, म्हणजे गुन्हा खरा पण आरोपी सापडत नाही असं सांगून तपास बंद करायच्या पोलिसांच्या अहवालाला. तिची नोटीस आली तर तारखेला हजर राहून हरकत नोंदवा.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. महिला आणि अनुसूचित जाती-जमातींना तिथे उत्पन्नाची अट नाही. उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाची वाट त्यानंतरची. मॅजिस्ट्रेटकडे का गेला नाहीत, हा प्रश्न तिथे पहिल्यांदा येतो.