रेडिओवर एनबीएचा सामना ऐकताय? या चुका टाळा

एनबीएचा, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगचा, सामना साडेसातचा. गाडीत बसल्या बसल्या रेडिओ लावला, तर तिथे कुणीतरी घरकर्जाचं व्याज समजावून सांगतंय. दुसरं स्टेशन लावलं तर नुसती खरखर. तिसऱ्यावर सामना सापडला, पण समालोचक इतका भरभर बोलतोय की चेंडू कुणाकडे आहे तेच कळेना. बरेच जण इथेच रेडिओ बंद करतात आणि घरी जाऊन फोनवर फक्त आकडे बघतात.

मला याचं खरंच वाईट वाटतं. अमेरिकेत बास्केटबॉल रेडिओवर ऐकणं ही फार सुंदर गोष्ट आहे आणि ती हातची जाते ती चार-दोन साध्या चुकांमुळे. गेली काही वर्षं मी कामासाठी कॅलिफोर्नियात फ्रीमाँट ते सॅक्रामेंटो जा-ये करतो. परतीच्या वाटेवर आधी सॅक्रामेंटो किंग्ज या संघाचा सामना ११४० एएमवर, नंतर बे एरियात (सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरात) शिरलो की गोल्डन स्टेट वॉरियर्सचा ९५.७ एफएमवर. खाली लिहिलेल्या बहुतेक चुका मी स्वतः करून बसलो आहे.

जुन्या आकड्यावर विसंबणं

एनबीएत ३० संघ. प्रत्येकाचं आपल्या शहरात एक मुख्य रेडिओ स्टेशन ठरलेलं असतं, पण ते कायमचं नसतं. न्यूयॉर्कचंच बघा. निक्सचे सामने वर्षानुवर्षं ९८.७ एफएमवर लागायचे. ऑगस्ट २०२४ मध्ये ते स्टेशन ८८० एएमवर गेलं. मित्राने पाच वर्षांपूर्वी सांगितलेला आकडा गाडीत साठवून ठेवलेला असेल, तर ऑक्टोबरात मोसम सुरू व्हायच्या आधी एकदा संघाच्या संकेतस्थळावर जाऊन वेळापत्रक बघा. प्रत्येक सामन्यासमोर रेडिओचं स्टेशन दिलेलं असतं.

'प्रत्येक सामन्यासमोर' हे महत्त्वाचं. एकाच स्टेशनने दोन-तीन खेळांचे हक्क घेतलेले असतात. शिकागोत ६७० एएमवर बास्केटबॉलचे बुल्सही लागतात आणि बेसबॉलचे कब्सही. मार्चच्या शेवटी बेसबॉल सुरू होतं, बास्केटबॉलचा मोसम एप्रिलच्या मध्यापर्यंत चालतो, आणि दोन्ही एकाच संध्याकाळी आले की एकाला बाजूला व्हावं लागतं. अशा दिवशी सामना रद्द झाला असं समजू नका, तो शेजारच्या दुसऱ्या स्टेशनवर चाललेला असतो.

एएमला जुनाट समजून सोडून देणं

आपल्याकडे ज्याला मीडियम वेव्ह म्हणतात तेच इथलं एएम. एफएमचा आवाज स्वच्छ, पण त्याची धाव डोंगर आडवा येईपर्यंतच. एएमचं तसं नाही. सूर्य मावळला की वातावरणाच्या वरच्या थरांपैकी दिवसा या लहरी शोषून घेणारा थर विरून जातो. मग त्याच लहरी आणखी वरच्या थरावर आपटून शेकडो मैलांवर खाली येतात. म्हणून क्लीव्हलँडचं ११००, शिकागोचं ६७०, न्यूयॉर्कचं ८८० अशी ५० किलोवॅटची स्टेशनं रात्री भलत्याच राज्यात ऐकू येतात. याची दुसरी बाजूही आहे. बऱ्याच लहान एएम स्टेशनांना नियमानुसार अंधार पडल्यावर शक्ती कमी करावी लागते. दुपारी खणखणीत लागणारं स्टेशन सामन्याच्या वेळी क्षीण झालं, तर दोष तुमच्या रेडिओचा नसतो.

घरात एएम खरखरत असेल तर आधी रेडिओला नावं ठेवू नका. एलईडी दिवे, फोनचा चार्जर, दिव्याचा प्रकाश कमी-जास्त करणारं बटण, टीव्ही, ही सगळी मंडळी एएममध्ये आवाज घालतात. एकेक बंद करून बघा. आमच्या स्वयंपाकघरातली खरखर ओट्याखालच्या दिव्यांच्या पट्टीने येत होती. ती बंद केली आणि समालोचक बाजूला येऊन बसल्यासारखा ऐकू यायला लागला.

आणखी एक चूक म्हणजे एएमसाठी वरची एरियल लांब ओढत बसणं. ती एफएमची. एएमची एरियल रेडिओच्या पोटात असते, तार गुंडाळलेली काळी कांडी, आणि तिला दिशा कळते. त्यामुळे अख्खा रेडिओच हळूहळू फिरवायचा, पाव वर्तुळ पुरतं. एका जागी आवाज एकदम उघडतो. तिथेच ठेवायचा.

भारतातून रेडिओ आणणाऱ्यांसाठी एक खास गोष्ट. भारतात मीडियम वेव्हची स्टेशनं ९-९ किलोहर्ट्झच्या अंतरावर असतात, अमेरिकेत १०-१० च्या. मी पुण्याहून आकडे दाखवणारा छोटा रेडिओ आणला होता. त्यावर ११३४ नंतर एकदम ११४३ यायचं. मधलं ११४० मिळायचंच नाही आणि किंग्जचा सामना सतत बोबडा ऐकू यायचा. दोन आठवडे मला वाटत होतं रेडिओ बिघडलाय. उपाय त्याच्या माहितीपत्रकातच होता: ९ आणि १० मधली निवड बदलता येते. ती बदलल्यावर साठवलेली स्टेशनं पुसली जातात, तेवढं लक्षात ठेवा. काट्याचा जुना ट्रान्झिस्टर असेल तर हा प्रश्नच येत नाही, कारण काटा हवा तिथे थांबतो. बाबा आमच्याकडे आले तेव्हा सवयीने आपला ट्रान्झिस्टर बॅगेत घालून आले. पट्टीवर १०० ची खूण (म्हणजे १००० किलोहर्ट्झ) ओलांडून १२० च्या थोडा अलीकडे त्यांनी काटा नेला, रेडिओ थोडा खिडकीकडे वळवला, आणि जे मला पंधरा दिवसांत जमलं नव्हतं ते त्यांना अर्ध्या मिनिटात लागलं. ज्यांनी बाळ ज. पंडितांचं क्रिकेटचं समालोचन खरखरीतून कान देऊन ऐकलं, त्यांच्या बोटांना हे माहीत असतं. फक्त असा रेडिओ सेलवर चालवा. इथल्या भिंतीत १२० व्होल्ट असतात, भारतातलं २३० चं उपकरण त्यावर नीट चालत नाही.

विजेवर चालणारी गाडी घेणार असाल तर आधी विचारून घ्या. मोटरमुळे एएममध्ये गोंगाट होतो म्हणून अशा कित्येक गाड्यांत एएम दिलेलंच नसतं.

गाडीतला आवाज मागे-पुढे उड्या मारतो तेव्हा

चेंडू बास्केटमध्ये गेला, लोक ओरडले, आणि काही सेकंदांनी तोच चेंडू पुन्हा गेला! हे नव्या गाड्यांत होतं. स्टेशन एकच कार्यक्रम साध्या आणि डिजिटल (यालाच इथे 'एचडी' म्हणतात) अशा दोन्ही रूपांत पाठवतं. डिजिटल काही सेकंद मागे असतं. एरवी स्टेशन साधा आवाजही तेवढाच उशिरा सोडून दोन्ही जुळवून घेतं, पण सामन्याच्या वेळी मैदानातल्या श्रोत्यांसाठी हा उशीर काढून टाकतात. मग गाडीतला रेडिओ एका रूपातून दुसऱ्यात गेला की आवाज उडी मारतो. रेडिओच्या सेटिंगमध्ये जाऊन एचडी बंद करा, की झालं.

स्टेशनच्या अ‍ॅपवर सामना मिळेलच असं धरून चालणं

सगळ्यात जास्त मनस्ताप इथे होतो. दिवसभर स्टेशनच्या अ‍ॅपवर गप्पा ऐकू येतात, आणि सामना सुरू झाला की दुसराच कार्यक्रम लागतो. अ‍ॅप बिघडलेलं नसतं. हवेतून प्रसारण करण्याचे हक्क वेगळे आणि इंटरनेटवरचे वेगळे. बऱ्याच ठिकाणी इंटरनेटवरचा आवाज फक्त त्या संघाच्या परिसरापुरता असतो, किंवा अजिबात नसतो. फोन वाय-फाय सोडून दुसऱ्या शहरातून जोडलेला दिसत असेल, ऑफिसचं व्हीपीएन चालू असेल, तर अगदी घरात बसूनही नकार मिळतो. आधी व्हीपीएन बंद करा आणि अ‍ॅपला तुमचं ठिकाण बघायची परवानगी द्या.

परिसराबाहेर असाल तर वर्गणी भरून ऐकण्याचे सरळ मार्ग आहेत. एक एनबीएचं स्वतःचं अ‍ॅप, दुसरा अमेरिका आणि कॅनडात चालणारा सिरियस एक्सएम हा उपग्रह रेडिओ. जिथे दोन्ही संघांचे रेडिओ मिळतात तिथे 'होम' आणि 'अवे' नीट बघून निवडा. माझ्या एका स्नेह्याने महिनाभर विरोधी संघाचा समालोचक ऐकला आणि आपल्या संघाला हा माणूस इतका का टोचतो याचा त्याला राग येत राहिला.

संघाचा रेडिओ तटस्थ नसतो, आणि तसा तो असावा अशी अपेक्षाही कुणी करत नाही. बॉस्टन सेल्टिक्सचे जॉनी मोस्ट घोगऱ्या आवाजात उघडउघड आपल्या संघाची बाजू घ्यायचे. १५ एप्रिल १९६५ ला विभागाच्या अंतिम मालिकेतल्या सातव्या, निर्णायक सामन्यात बॉस्टन ११०-१०९ असं एका गुणाने पुढे होतं आणि शेवटच्या पाच सेकंदांत जॉन हॅवलिचेकने फिलाडेल्फियाचा पास हिसकावला. तेव्हा मोस्ट जे ओरडले ते अमेरिकन खेळातल्या सर्वांत गाजलेल्या रेडिओवरच्या वाक्यांपैकी एक आहे. तटस्थ माणसाकडून ते आलं नसतं.

टीव्ही मुका करून रेडिओ जोडताना

चित्र टीव्हीचं आणि आवाज आपल्या आवडत्या समालोचकाचा, ही हौस चांगली. पण आधी ठरवा, पुढे कोण आहे. आवाज इंटरनेटवरून येत असेल आणि मागे असेल तर सोपं आहे: टीव्ही तेवढा वेळ थांबवून ठेवा आणि समालोचक चित्राला गाठेल तेव्हा पुन्हा सोडा. मात्र साधा रेडिओ टीव्हीच्या पुढेच धावतो. तिथे टीव्ही थांबवला तर अंतर वाढतं. मागे ओढायला हवा तो आवाज, आणि त्यासाठी आवाज उशिरा सोडणारं अ‍ॅप किंवा यंत्र लागतं. जुळवणीसाठी फ्री थ्रो, म्हणजे फाउलनंतर मिळणारी मोकळी फेक, बघा. खेळाडू एकटा उभा असतो, चेंडू सुटलेला स्पष्ट दिसतो, त्यावर मोजता येतं.

डोक्यात मैदान नसताना ऐकायला बसणं

स्टेशन लागलं तरी सामना 'दिसत' नाही, ही खरी अडचण. क्रिकेटमध्ये दोन चेंडूंच्या मध्ये समालोचकाला सावकाश क्षेत्ररचना सांगता येते. इथे २४ सेकंदांत फेक व्हायलाच हवी, की लगेच दुसरा संघ उलट्या दिशेने पळत सुटतो. सगळं वर्णन जागांच्या नावांवर चालतं. ती नावं माहीत नसतील तर कान थकतो.

म्हणून एक कागद घ्या आणि अर्धं मैदान काढा. ५० फूट रुंद, ४७ फूट लांब. बास्केटखाली १६ फूट रुंदीचा रंगवलेला चौकोन, तो 'पेंट' किंवा 'की'. त्याच्या पुढच्या कडेला फ्री थ्रोची रेघ, बास्केटमागच्या फळीपासून १५ फुटांवर. या रेघेची दोन टोकं म्हणजे दोन 'एल्बो'. बास्केटमागची रेघ 'बेसलाइन', तिच्याजवळचे दोन कोपरे म्हणजे 'कॉर्नर', तीन गुणांची रेघ तिथे सर्वांत जवळ, २२ फुटांवर. समोर मधोमध ती २३ फूट ९ इंच. तिथली जागा 'टॉप ऑफ द की', आणि तिच्या व कॉर्नरच्या मधला तिरका भाग म्हणजे 'विंग'. हा कागद पहिले चार-पाच सामने समोर ठेवा.

आता ऐका. डिॲरन फॉक्स किंग्जकडे होता तेव्हा असा खेळ रोज कानावर पडायचा: फॉक्स डाव्या विंगवर, त्याचा सहकारी साबोनिस एल्बोवर चेंडू घेऊन पाठमोरा, फॉक्स त्याला घासून जातो, चेंडू हातात घेतो, पेंटमध्ये शिरतो. समालोचक हे तीन सेकंदांत सांगतो. कागदावर बोट फिरवलंत तर तीन सेकंद पुरतात.

दिशा विसरू नका. जुने समालोचक सुरुवातीलाच सांगतात की आपला संघ 'रेडिओच्या पट्टीवर' डावीकडून उजवीकडे चाललाय. मध्यंतरानंतर बास्केट बदलतात. तिसऱ्या क्वार्टरमध्ये सगळं उलटं वाटायला लागलं तर कारण बहुधा हेच.

घड्याळाकडेही कान ठेवा. १२ मिनिटांचे चार क्वार्टर, आणि वेळ उलटी मोजतात. 'फाइव्ह टु शूट' म्हटलं की २४ पैकी पाच सेकंद उरलेत, आता घाईची फेक येणार. सामन्याआधी दोन्ही संघांचे पहिले पाच-पाच खेळाडू वाचून ठेवा. दहाच नावं आहेत.

सरावासाठी मी एक ध्वनिमुद्रण सुचवेन. २ मार्च १९६२ ला पेनसिल्व्हेनियातल्या हर्शी गावात विल्ट चेंबरलेनने एका सामन्यात १०० गुण केले. एनबीएत आजवर तिथे दुसरं कुणी पोहोचलेलं नाही. टीव्हीवर तो सामना दाखवला नव्हता. उरला तो बिल कॅम्पबेल यांच्या रेडिओ समालोचनातला चौथा क्वार्टर. शेवट माहीत आहे, १६९-१४७. त्यामुळे निकालाची धाकधूक नाही आणि सगळं लक्ष जागांकडे, पासांकडे देता येतं.

पुढे लेकर्सच्या चिक हर्न यांची जुनी समालोचनं ऐका. १९६५ ते २००१ या काळात त्यांनी सलग ३,३३८ सामने केले, एकही न चुकवता. 'स्लॅम डंक' (उडी मारून चेंडू वरून बास्केटमध्ये कोंबणं) आणि 'एअरबॉल' (कशालाच न लागता खाली पडलेली फेक) हे शब्द घराघरात पोहोचले ते त्यांच्यामुळे. सामना हातात आलाय असं वाटलं की ते म्हणायचे, तो आता फ्रिजमध्ये गेला: दार बंद, दिवा मालवला, अंडी गार होताहेत, लोणी घट्ट होतंय आणि जेली थरथरतेय.

भारतातून ऐकताना तारीख चुकणं

अमेरिकेतली मंगळवारची रात्र म्हणजे आपली बुधवारची सकाळ. न्यूयॉर्कचा संध्याकाळी साडेसातचा सामना भारतात हिवाळ्यात सकाळी सहाला येतो. पण नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपर्यंत आणि मार्चच्या दुसऱ्या रविवारनंतर अमेरिकेतली घड्याळं एक तास पुढे असतात, तेव्हा पहाटे पाचलाच. फिनिक्सचं शहर घड्याळ बदलतच नाही, म्हणून सन्सचे घरचे सामने वेगळे मोजा. छापलेल्या वेळेनंतर साधारण दहा मिनिटांनी चेंडू वर उडतो, हेही लक्षात असू द्या.

बाबा आता सांगलीला परतलेत. किंग्ज त्यांनी तिथेही सोडले नाहीत. हा संघ ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबईत इंडियाना पेसर्सशी दोन सामने खेळून गेला आणि त्याचे मालक विवेक रणदिवे मुंबईत वाढले, ही गोष्ट ते शेजाऱ्यांना आवर्जून सांगतात. सॅक्रामेंटोचा संध्याकाळी सातचा सामना हिवाळ्यात त्यांच्याकडे सकाळी साडेआठला लागतो, चहा झाल्यावर. मी गाडीत हवेतून ऐकतो, ते फोनवर इंटरनेटवरून, म्हणजे माझ्या पाऊण मिनिट मागे. शेवटची फेक पडली की मी लगेच फोन करत नाही. गाडी बाजूला घेतो, मिनिटभर थांबतो. बहुतेक वेळा तेवढ्यात त्यांचाच फोन येतो.