गेट अडवलं जातंय? न्यायालयातून पोलीस संरक्षण असं मिळवा

कारखान्याच्या किंवा कार्यालयाच्या दारात अधिकाऱ्यांना अडवलं जाऊ लागलं की दोन सल्ले हमखास येतात. पहिला, सरळ हायकोर्टात जा. दुसरा, औद्योगिक न्यायालयात अनुचित कामगार प्रथेची तक्रार करून मनाई आणा. हा दुसरा सल्ला ज्या १९७१च्या कायद्यावर उभा आहे तो महाराष्ट्राचा आहे आणि गोव्यात लागू नाही. वेर्णा किंवा कुंडईच्या वसाहतीत त्याचा काडीचा उपयोग नाही. पहिला सल्ला खरा आहे, पण अर्धाच.

आधी गुन्हा नोंदवा. वाट अडवणं हे भारतीय न्याय संहितेच्या कलम १२६ मध्ये येतं, कोंडून ठेवणं १२७ मध्ये. अडवलेली व्यक्ती लोकसेवक असेल, म्हणजे पंचायत सचिव, तलाठी वगैरे, तर बळाचा वापर झाल्यास कलम १३२ आणि नुसत्या अडथळ्याला २२१ लागतं. २२१ची दखल न्यायालय त्या लोकसेवकाच्या किंवा त्याच्या वरिष्ठाच्या लेखी तक्रारीशिवाय घेत नाही, म्हणून ती तक्रार वेगळी तयार ठेवा.

आता खरा अवघड टप्पा: पोलिसांना द्यायचं पत्र. मीही सुरुवातीला इथेच सर्वांत जास्त झगडलो, आणि आजही बहुतेक प्रकरणं इथेच कच्ची राहतात. पोलिसांकडे नेमकं काय मागितलं आणि त्यांनी काय केलं, हे न्यायाधीश सर्वांत आधी विचारतात. त्याचं उत्तर तुमच्या पत्रातच मिळायला हवं.

‘वातावरण तंग आहे, कृपया संरक्षण द्यावे’ हे वाक्य पत्रात नको. त्यावरून काहीच कळत नाही. कोणत्या तारखेला, किती वाजता, कोणत्या गेटवर, कोणी, कोणाला, कसं अडवलं ते लिहा. गाडीसमोर आडवे झाले असतील तर तसं, कुलूप लावलं असेल तर तसं. घटना घडली त्याच दिवशी लिहा. मागणीही नेमकी हवी: पाळी सुरू होताना आणि सुटताना, अमुक गेटवर बंदोबस्त. पत्र पोलीस निरीक्षकांना द्या, प्रत पोलीस अधीक्षकांना, आणि दोन्हीकडून आवक शिक्का घेतल्याशिवाय हलू नका. तोंडी बोलणं झालं, फोन झाला, याला फाईलमध्ये जागा नाही. १९८७च्या राजभाषा कायद्यानुसार गोव्यात मराठीतून सरकारी पत्रव्यवहार चालतो. उच्च न्यायालयात मात्र इंग्रजी भाषांतर जोडावं लागतं.

माझं ठाम मत आहे की या पत्रात आंदोलन बंद करा अशी मागणी कधीच करू नये. शांततेनं घोषणा देणं हा लोकांचा हक्क आहे. तुम्हाला फक्त ये-जा मोकळी हवी आहे. पगारवाढीचा वाद, नेत्यांचे हेतू, जुनी भांडणं यातलं काही घातलंत, तर पोलीस ‘हा तुमचा आपसातला वाद’ म्हणून हात झटकतात आणि समोरच्या वकिलाला तेच सोयीचं पडतं. चित्रफीत असेल तर मूळ फोन जपा. इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३चं प्रमाणपत्र लागेल.

मग न्यायालय. पोलीस संरक्षणाच्या याचिकेत उच्च न्यायालयाने दिवाणी हक्कांचा निवाडा करू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये पी. आर. मुरलीधरन प्रकरणात स्पष्ट केलं आहे. त्यामुळे जागेवर किंवा पदावर कोणाचा हक्क हाच वाद असेल, तर आधी दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम घ्या आणि तो पाळला जात नसेल तर पोलिसांची मदत मागा. हक्क वादातीत आहे, जिवाला धोका आहे आणि शिक्क्याची पत्रं देऊनही पोलीस हलत नाहीत, अशा वेळी घटनेच्या कलम २२६ खाली पर्वरीला मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाकडे जा. राज्य सरकार, पोलीस अधीक्षक, निरीक्षक यांच्यासोबत अडवणाऱ्यांनाही प्रतिवादी करा. त्यांना न ऐकता मिळालेला आदेश टिकवणं कठीण जातं. गेट, वेळा आणि गेटपासूनचं अंतर हे सगळं मागणीतच लिहा.

आदेश मिळाला की प्रमाणित प्रत त्याच दिवशी निरीक्षकांकडे द्या, पुन्हा आवक शिक्क्यासह. बंदोबस्ताच्या खर्चाची अट असेल तर रक्कम लगेच भरा. तरीही पोलीस आले नाहीत, तर आदेशाचा हवाला देऊन लेखी नोटीस द्या. अवमान याचिकेला १९७१च्या अवमान कायद्यानुसार एक वर्षाची मुदत आहे, आणि ती अवमान घडला त्या दिवसापासून मोजली जाते.